विक्रमच्या पासवर

८ जानेवारी

गुडघा (उजवा): सकाळी ताठ. ओट्यावरून उतरताना कुरकुर. सूज बोटभर.

ही वही गोव्याच्या क्लबातल्या फिजिओने दिली होती. रोज गुडघ्याबद्दल लिही, बाकी काही लिहू नकोस, म्हणाला होता. डिसेंबरात क्लबाने मला नारळ दिला, पण वही कुणी परत मागितली नाही. आता हिच्यात बाकीचंच जास्त येणार, कारण घरात खरं बोलायची सोय मी ठेवलेली नाही. घरी सांगितलंय, सुट्टी आहे.

बारा वर्षांत नऊ क्लब. मुंबईतले तीन, गोव्यातले दोन, शिवाय बंगळुरू, कोलकाता, शिलाँग, कोझिकोड. यातल्या कुठल्याही क्लबाचं नाव घ्या, आमच्या बेटेगावात सोडा, त्या त्या शहरातल्या रिक्षावाल्यालाही पत्ता लागायचा नाही. तिसऱ्या पायरीची लीग, मग दुसऱ्या पायरीची, परत तिसरी. टीव्हीवर एकदाच दिसलो, तोही थ्रो-इन टाकताना. आणि आमच्या पाड्यातल्या समाजमंदिरात माझा हार घातलेला फोटो! मेलेल्या माणसाला घालतात तसा हार. त्या रस्त्याने जायला नको म्हणून मी हल्ली शेताच्या बांधावरून फिरतो.

आज शेजारचा दामू आला होता. बाबा ओट्यावर बसून त्याला म्हणाला, "पोराला लांब सुट्टी दिलीय. मोठ्या लोकांची सुट्टी पन मोठी." दामूने सुट्टीचं विचारलंच नव्हतं, तो कोयता मागायला आला होता. भोळा आहे आमचा बाबा.

भावनाने बोईसरला एका कंपनीत पॅकिंगचं काम धरलंय, मी आलो त्याच आठवड्यापासून. घरात बसून कंटाळा येतो म्हणाली. माझे बूट तिने धुतले, आत कडुनिंबाचा पाला भरला आणि माळ्यावर टाकले. म्हटलं, अगं लागतील की. म्हणाली, "लागतील तवा काढू." बायकोला नवऱ्यापेक्षा बुटांची काळजी जास्त.

१२ जानेवारी

गुडघा: बरा.

एकनाथ आला होता. आश्रमशाळेत माझ्या दोन वर्षं मागे होता, आता तारापूर एमआयडीसीतल्या एका स्टीलच्या कंपनीत ठेकेदाराचा सुपरवायझर आहे. कंपन्याकंपन्यांची फुटबॉल स्पर्धा लागलीय, सव्वीस जानेवारीला फायनल. त्यांच्या एच.आर. साहेबाला ढाल पाहिजेच पाहिजे, गेल्या वर्षी शेजारच्या प्लॉटवरच्या कंपनीने नेली म्हणून पोटात दुखतंय.

"तू खेळ ना मिथ्या," एकनाथ म्हणाला. "सुट्टीवरच हायस."

नियम असा की मैदानात उतरणाऱ्याच्या गळ्यात त्या कंपनीचा पास हवा. त्याची तोड एकनाथकडे होती. तोड कसली, इकडची जुनीच रीत. पास एकाचा, अंग दुसऱ्याचं. कुणी भातलावणीला गावी गेला की त्याचा भाऊ त्याच्या पासवर कामावर येतो. ठेकेदाराला डोकी पुरी पाहिजेत, गार्डला पास दिसला की झालं. त्याला 'बदली' म्हणतात.

मला हसूच आलं. मी बारा वर्षं दुसरं काय केलं? बाकावर बसायचं, सत्तराव्या मिनिटाला कुणी दमला की त्याच्या जागी उतरायचं. बदली खेळाडू. या कामाचा माझ्याइतका अनुभव एमआयडीसीत कुणाला नसेल.

नाही म्हणणार होतो. व्यावसायिक खेळाडू आहे मी, अजून तरी. तोंडातून आलं, "किती वाजता?"

१४ जानेवारी

सालवडला गेलो. ज्याच्या पासवर खेळायचं तो विक्रम तिथे दोन खोल्यांत राहतो, आई मैनाबाईबरोबर. मूळचे परभणीकडचे. पोरगा सव्वीसचा, आठ वर्षं ठेकेदाराकडेच. मार्चात काही जणांना परमनंट करणार आहेत, यादीत त्याचं नाव आहे. "साहेब खूश पाहिजेत, म्हणून पास देऊन राहिलो," असं स्वच्छ सांगितलं त्याने. मॅचच्या दिवशी त्याची हजेरी लागणार आणि तो घरी झोपणार.

पासवरचा फोटो घामाने आणि लोखंडाच्या धुळीने इतका गेलाय की तो विक्रमचाही वाटत नाही. मी मिशी त्याच्यासारखी बारीक केली. त्याने मला पाठ करून घेतलं : नाव विक्रम, बापाचं नाव रामकिसन, खातं रोलिंग.

निघताना मैनाबाईंनी हातावर तिळगूळ ठेवला. "गोड बोला बरं का." तिळगूळ खाल्ला आणि गोड गोड खोटं बोलायला निघालो. तिला वाटतंय मी कंपनीच्या टीमला शिकवायला आलोय.

१९ जानेवारी

गुडघा: काही नाही. जिंकलो की गुडघा दुखत नाही.

तीन-शून्य. एक माझा, डाव्या पायाचा, लांबून. मागून सारखं "विक्रम! विक्रम!" ओरडत होते आणि मी वळून बघायचो नाही, तेव्हा एकाने शिवी दिली, बहिरा हायस का म्हणून. दुसऱ्या हाफात वळायला लागलो.

समोर कोण, तर वेल्डर, फिटर, क्रेनचा ड्रायव्हर. एक जण तर चष्मा घालून खेळत होता. त्यांना चकवताना मला इतकी मजा आली की मॅच संपल्यावर स्वतःची किळस आली. पहिलीतल्या पोरांत बसून पहिला नंबर काढणाऱ्या घोड्यासारखा मी नाचत होतो. आणि तरी सांगतो, गेल्या दोन वर्षांत इतका चांगला खेळलो नव्हतो. टाळ्या विक्रमला मिळाल्या.

२७ जानेवारी

काल लिहिता आलं नाही.

फायनल. एक-शून्य पुढे होतो. कुणी धक्का दिला नाही, कुणी पाय घातला नाही. मी वळलो आणि गुडघा वळलाच नाही. आतून कट्ट असा आवाज आला, सुकी काटकी मोडावी तसा. मी खाली पडलो तेव्हाच मला कळलं होतं. खेळणाऱ्याला कळतं.

साहेब स्वतः पळत आले. "विक्रमला उचला, विक्रमला!" दवाखान्यात एकनाथने पास पुढे केला. नर्सने विचारलं, नाव? एकनाथ म्हणाला, विक्रम रामकिसन. वय? सव्वीस. मी बत्तीसचा आहे. शुद्धीत होतो, तोंड होतं, जीभ होती. गप्प पडून राहिलो. एमआरआय निघाला. गुडघ्यातला मुख्य लिगामेंट पूर्ण तुटलाय, ऑपरेशनशिवाय जुळायचा नाही. रिपोर्टवर वर ठळक अक्षरात विक्रमचं नाव.

ढाल आमचीच झाली.

घरी सांगितलं, एकनाथच्या गाडीवरून पडलो. भावनाने मीठ गरम करून फडक्यात बांधलं आणि शेकायला बसली. म्हणाली, "आमच्या लाईनच्या बाया मॅच बघाया गेलत्या. कोन तो विक्रम, लय भारी खेळला म्हनं. डाव्या पायाने मारतो."

म्हटलं, असेल. तिला काय कळतंय फुटबॉलमधलं. नशीब आपलं.

३० जानेवारी

विक्रमला लंगडायला शिकवलं.

त्याला आज कामावर जायचं होतं. कागदावर ज्याचा गुडघा गेला तो चार दिवसांत टणाटण चालत आला तर गार्ड काय म्हणेल? म्हणून सालवडच्या बोळात तो माझ्यापुढे चालत होता आणि मी भिंतीला टेकून सूचना देत होतो. पाय ओढू नको रे, सिनेमातला भिकारी नाही तू. दुखऱ्या पायावर कमी वेळ थांबायचं, बस्स. चेहरा वाकडा करू नको, खरं दुखतं तेव्हा माणूस चेहरा सरळ ठेवतो.

दोन हंगाम मी हेच लपवत होतो. कोच बघत असला की दातओठ खाऊन सरळ पळायचो. ती सगळी विद्या आज उलटी करून शिकवली. विक्रमला गंमत वाटत होती. "मह्या गुडघ्याला काय खाऊ घालू मग, दादा?" असं विचारून हसत होता. मीही हसलो. हरामखोर आहे मी.

आणि इतकं शिकवून पठ्ठ्या गेटवर डावा पाय लंगडत गेला.

७ फेब्रुवारी

गुडघा: उतरलाय. सरळ चालता येतं. वळायचं नाही.

लुधियानाहून फोन! कोलकात्याला माझे कोच होते ते आता तिथल्या क्लबात आहेत. लेफ्ट बॅक पळून गेलाय, वीस तारखेला ये, हंगामाचा करार करू. मोबाइलवर फॉर्म पाठवला. त्यात एक प्रश्न : गेल्या बारा महिन्यांत मोठी दुखापत?

बराच वेळ बघत बसलो. मग 'नाही' लिहिलं. कागदावर बघायला गेलं तर खोटं नाही. माझ्या नावावर दुखापत नाहीच, ती विक्रमच्या नावावर आहे.

घट्ट पट्टी बांधली, गोळ्या घेतल्या, तर सरळ रेषेत पळता येईल. लेफ्ट बॅकने जरा हुशारीने उभं राहिलं तर वळायची वेळ कमी येते. एक हंगाम. फक्त एक, मग सन्मानाने थांबेन.

भावनाला सांगितलं, क्लबाचा बोलावा आलाय. ती म्हणाली, "परत?" मग माळ्यावर चढून बूट काढले. पाला झटकताना तिला खोकला आला, पाठ फिरवून बराच वेळ खोकत होती. पाला जुना झाला की धूळ होते.

१० फेब्रुवारी

विक्रमचा फोन. परमनंटसाठी मेडिकल झालं. कंपनीच्या डॉक्टरने फाईल काढली, एमआरआय बघितला आणि शिक्का मारला : अनफिट. विक्रमने त्याच्यासमोर उठाबशा काढून दाखवल्या. डॉक्टर म्हणाला, तुटलेला लिगामेंट पंधरा दिवसांत जुळत नाही. रिपोर्ट खोटा की तू खोटा?

काय उत्तर देणार? रिपोर्ट दुसऱ्याचा म्हणावं तर पास दुसऱ्याला दिला म्हणून उभ्या उभ्या हाकलतील, ठेकेदारीतूनही. यादी पाच मार्चला पक्की होणार. पुढची यादी कधी, ते कंपनीच्या देवालाच ठाऊक.

"दादा, काहीतरी करा," म्हणाला. परवापर्यंत हसणारा पोरगा.

एकनाथला फोन लावला. तो म्हणाला, "गप बस मिथ्या. झाकली मूठ सव्वा लाखाची. तोंड उघडलंस तर माझी नोकरी जाईल, त्याची जाईल, आनि तुझं लुधियाना पन जाईल."

शेवटचं त्याने कशाला सांगितलं? तेवढं मला कळत होतं.

१३ फेब्रुवारी

मैनाबाई घरी आल्या. बेटेगावात पाड्यापर्यंत पत्ता कुणी दिला म्हटलं, तर म्हणाल्या, "तुमची भावना अन् मी एकाच लाईनला. तिनंच सांगितलं, जावा म्हणली."

हे मला माहीतच नव्हतं. बायको कुणाच्या शेजारी उभी राहून खोकी भरते हे दोन महिन्यांत मी एकदाही विचारलं नाही.

ओट्यावर बसल्या, पदराने घाम पुसला. "बाबा, तुम्ही मोठे खेळाडू. साहेब तुमचं ऐकतील. मह्या लेकराचा पाय धडधाकट हाय, एवढं सांगा फक्त. आठ वर्षं भट्टीपुढं उभं राहिलंय लेकरू."

बघतो म्हणालो. 'बघतो' हा शब्द ज्याने काढला त्याला पायताणाने मारलं पाहिजे. क्लबाचे मालकही मला हेच म्हणायचे.

त्यांना पाणी द्यायला उठलो आणि घाईत चुकून वळलो. कळ मस्तकात गेली, खांबाला धरलं. त्या बघत राहिल्या. "तुमचा बी उजवाच का?"

"जुना मार आहे," म्हणालो.

पाणी प्यायल्या, तांब्या पालथा घातला. जाताना म्हणाल्या, "जपा त्या गुडघ्याला. कुणाचा का असंना." बाई साधी आहे, तिला काही संशय आला नसावा. पण ते वाक्य मी दहादा आठवून बघितलं. खाई त्याला खवखवे.

२० फेब्रुवारी, लुधियाना

थंडी. खोलीत सहा खाटा. बाकी पाचही पोरं विशीतली, मला "पाजी" म्हणतात, म्हणजे थोरला भाऊ. डॉक्टरने गुडघ्यावरून हात फिरवला, फॉर्म बघितला, सही केली. पट्टी लपवायला मी लांब पायमोजे घातलेत.

विक्रमचे चार मिस्ड कॉल. उचलले नाहीत.

२२ फेब्रुवारी

अकरा मिनिटं टिकलो. घड्याळ बघितलं होतं म्हणून माहीत.

एक एकोणीस वर्षांचा विंगर समोर आला, त्याने नुसता खांदा हलवला. मी वळलो. पुढचं लिहीत नाही.

कोच बाजूला घेऊन बसले. पट्टी सोडून बघितली. ओरडले असते तर बरं वाटलं असतं. म्हणाले, "मिथुन, ये आज का नहीं है." मी पायमोजा वर ओढायला लागलो. "कोई बात नहीं. मैं लिख देता हूँ कि यहाँ ट्रेनिंग में लगी. इज़्ज़त से घर जा."

क्लबाच्या शिक्क्याचं पत्र दिलं. बारा वर्षांत माझ्याबद्दल इतकं चांगलं कुणी लिहिलं नव्हतं आणि त्यातलं एक वाक्य खरं नाही.

२६ फेब्रुवारी, बेटेगाव

पत्राने कमाल केली. दामूने ते ओट्यावर मोठ्याने वाचलं. सगळा पाडा जमला. बाबाने कोंबडा कापला. जो येईल त्याला सांगत होता, "पंजाबात लागला. घरी नाय लागला. खेलताना लागला." तीनतीनदा तेच. ऐकणारे माना हलवत होते. तंगडी माझ्याच पानात वाढली.

खाल्ली मी ती.

आता सगळं जागच्या जागी बसलंय. गुडघा गेला, पण मानाने गेला. कुणी विचारणार नाही की क्लब का सोडला. समाजमंदिरात त्या फोटोखाली हे पत्रही लावायचं म्हणतायत. मी फक्त गप्प बसायचंय, आणि गप्प बसणं मला येतं.

रात्री भावना म्हणाली, "कागद वाचला मी. सही चांगली हाय." थोड्या वेळाने म्हणाली, "मैनाबाय आज कामाला आली नाय." आणि कूस बदलून झोपली.

मला तिचा राग आला. इतक्या दिवसांनी घरात चार माणसं हसली, तिला मैनाबाई आठवते!

२ मार्च

विक्रम पाड्याच्या रस्त्यावर उभा होता. आत आला नाही. मी गेलो काठी टेकत. त्याने मला शिव्या द्याव्यात म्हणून वाट बघत होतो. तो म्हणाला, "तुमच्या पत्राचं कळलं. भावनाताईनं आईला सांगितलं. बरं झालं दादा, तुमचं तरी नीट झालं."

लंगडत गेला. या वेळी उजवा. आता त्याला सवयच झालीय, कुणी बघत नसलं तरी लंगडतो.

मी तिथेच दगडावर बसलो आणि रडलो. बत्तीस वर्षांचा घोडा, रस्त्यात. मी त्याला पाय दिला नाही, माझा मोडका पाय त्याला चिकटवून मी मोकळा झालो. सगळं हरून झाल्यावर आता खरं बोलायचं तर त्यात काय मोठेपणा? लुधियानात टिकलो असतो तर? तर नसतोच बोललो. हे इथे लिहून ठेवतो, म्हणजे पुढे कधी मला स्वतःची कौतुकं सुचली तर वाचता येईल.

४ मार्च

गेलो कंपनीत.

काल दिवसभर एकच हिशेब मनात घोळत होता. खरं बोललो तर विक्रमने पास दिला हे निघणार, तो जाणार. गप्प बसलो तरी तो जाणार. मग एकच वाट उरली : पास त्याने दिलाच नाही. मी चोरला.

साहेबांसमोर उभं राहून सांगितलं. मी विक्रमच्या घरी आलो-गेलो होतो, खुंटीवरचा पास उचलला, खेळायची हौस होती, तो माझा गुडघा आहे, हवं तर आत्ता एमआरआय काढा. विक्रमला भीती घातली होती म्हणून तो बोलला नाही.

आता गंमत बघा. साहेबांना पहिल्या दिवसापासून सगळं ठाऊक होतं. मैदानावर मला मिठी मारताना कानात "वा, प्रोफेशनल ते प्रोफेशनल" म्हणाले होते. तेच साहेब चष्मा काढून माझ्याकडे असे बघत होते की जन्मात पाहिलं नाही. मग हळूहळू त्यांच्या चेहऱ्यावर उजेड पडला. माझ्या चोरीत तेही सुटत होते, एकनाथही सुटत होता. क्लार्कला बोलावलं. माफीनामा लिहायचा. मी अडखळलो की साहेबच पुढचं वाक्य सांगत. "विक्रमचा पाय वेगळा मुरगळला होता, असं घाला." घातलं. "एकनाथ सुपरवायझर यांस काहीही कल्पना नव्हती." घातलं. विक्रमची नवी तपासणी आजच करायचं कबूल केलं. पोलिसांत देणार नाही, पण गेटवर नोटीस लागेल.

क्लार्कने विचारलं, पूर्ण नाव? सांगितलं. राहणार? बेटेगाव. धंदा काय?

"फुटबॉल खेळाडू," मी म्हणालो.

त्याने लिहिलं. मग माझ्या काठीकडे बघून पेन थांबवलं. "माजी लिहू का?"

डिसेंबरापासून हा एक शब्द मी गावापासून, बापापासून, बायकोपासून लपवत फिरत होतो. त्यासाठी दुसऱ्याच्या पोराची भाकरी पणाला लावली. म्हणालो, "लिहा." एवढंच होतं ते. सही केली.

घरी येऊन भावनाला सगळं सांगितलं. डिसेंबरचं, पासचं, लुधियानाचं, चोरीचं. बाबाही तिथेच होता. ती तांदूळ निवडत होती, निवडतच राहिली. शेवटी म्हणाली, "झाला सांगून? भात टाकते." बाबा उठून कोंबड्या कोंडायला गेला, दुपारचे चार वाजले होते तरी. जबर धक्का बसला असणार दोघांना.

६ मार्च

सकाळी एकनाथचा निरोप. विक्रम फिट. यादी लागली, त्याचं नाव आहे. मला भेटू नको, गेटवर ओळखही दाखवू नको, असं मीच विक्रमला कळवलं.

नोटीसही लागली. आमच्याकडची अर्धी माणसं त्याच रस्त्याने कामाला जातात. दुपारपर्यंत पाड्यात बातमी होती. समाजमंदिरातला फोटो कुणी उतरवला ते विचारायला मी गेलो नाही. जन्मभर ज्याची भीती होती ती छी-थू एकदाची झाली. दिवसभर घरात बसून होतो. भावनाला त्याच गेटसमोरून शंभर बायकांबरोबर यायचं होतं. चोराची बायको म्हणून.

ती साडेपाचला आली. चप्पल काढली, पाणी प्यायली. मी तिच्याकडे बघू शकत नव्हतो.

"वाचलीस?" मी विचारलं.

"वाचली. चुकीची छापलीय."

मला वाटलं, चोरीचं म्हणतेय. म्हटलं, ते मीच तसं सांगितलंय, नाहीतर विक्रम...

"ते नाय रे. तुझा नाव. थ ला दुसरा उकार दिलाय, मि-थू-न. मी गार्डला म्हनलं, पेन दे." तिच्या बोटाला निळी शाई लागलेली होती, ती पदराला पुसत होती. "तो देयना. मैनाबायने देवडीतनं हिसकून आनला. सगल्या बाया उभ्या होत्या, बघंत. मी खोडला आनि पयला उकार दिला. म्हनलं, माझ्या नवऱ्याच्या नावात थू नाय."

मग तिने मला सरकायला सांगितलं आणि चूल पेटवायला बसली.